वाकडीची विहीर आणि चाळीसगावचा टांगा

जून २०१८च्या दुसऱ्या आठवड्यात जळगाव जिल्ह्यातलं वाकडी हे गाव देशभरच्या टीव्हीवर झळकलं. जामनेर तालुक्यातलं गाव. आमच्या भडगावहून जायचं तर पाचोरा मागं टाकून पुढं जावं लागतं. तोवर वाकडीचं नाव आमच्याकडं तिथं सोयरीक असलेल्यांनाच काय ते ठाऊक असावं. १० जूनला, रविवारी, अनुसूचित जातीतली दोन अल्पवयीन मुलं तिथल्या एका शेतातल्या विहिरीत पोहायला उतरली. त्यांना बाहेर काढलं, अंगावर कपडा ठेवला नाही आणि मारहाण केली. हे सगळं कुणीतरी मोबाइलवर टिपलंही. ती क्लिप तीन-चार दिवस फोनांवर फिरली आणि मग वाहिन्यांच्या हाती लागली. गुन्हा नोंदला गेला, दोघांना अटक झाली आणि संध्याकाळच्या चर्चांना विषय मिळाला.

मृग लागलेला होता. त्या दिवसांत भडगावात बियाण्यांच्या दुकानांपुढं गर्दी असते, पाऊस कुठवर आला याची विचारपूस असते, आणि गिरणेच्या पात्रात पाण्यापेक्षा वाळू जास्त दिसते. टीव्ही लावला जातो तो हवामानासाठी आणि भावासाठी. त्या आठवड्यात मात्र हॉटेलातल्या टीव्हीपुढं माणसं चहा संपल्यावरही बसून राहत होती. आपला जिल्हा दिल्लीच्या वाहिनीवर दिसतोय याचं नवल होतं, आणि कशापायी दिसतोय याची चुळबुळही होती. बोलायला मात्र फारसं कुणी तयार नव्हतं. टेबलावर कोण कुठल्या आळीचं बसलंय हे सगळ्यांना माहीत असतं, आणि अशा विषयावर मिश्र टेबल गप्प राहतं.

विहिरीविषयी आधी थोडं सांगितलं पाहिजे, कारण शहरातल्या स्टुडिओत बसलेल्यांना ती नीट दिसली नव्हती. खानदेशातली शेतातली विहीर म्हणजे मुरूम आणि काळा खडक फोडून खाली नेलेला रुंद खड्डा. कडेला मोटारीचा पाइप, वायर, एखादा दोर. उन्हाळ्याच्या शेवटी पाणी तळाला गेलेलं असतं, तरी पोरं उतरतातच. पाठीला रिकामा डबा बांधून इथल्या कित्येक पिढ्या पोहायला शिकल्या आहेत. शेतमालक पोरांना हाकलतो, शिव्या घालतो, त्यांचे काठावरचे कपडे उचलून नेतो. एखादं पोर बुडालं तर पोलीस, पंचनामा आणि जन्माचा ठपका त्याच्याच वाट्याला येतो. इतपत भांडण दर उन्हाळ्यात, दर शिवारात होतं. पण कुठल्या पोराला नुसती शिवी मिळेल, कुणाच्या बापाला बोलावणं जाईल आणि कुणाला त्याहून वाईट वागणूक मिळेल, हे सगळीकडं एकसारखं नसतं. ते पोराच्या आडनावावर ठरतं. विहिरीच्या काठावर तशी पाटी कुणी लावत नाही. पोरांना ते पाटीवाचूनच कळतं, आणि वयाच्या सातव्या-आठव्या वर्षीच कळतं.

चर्चेत विचारायला हवा होता तो प्रश्न हा. खाजगी विहिरीवर मालकाचा हक्क असतो, यात वाद नाही. पण नको असलेल्या पोराला हाकलणं वेगळं आणि त्याला नागवं करून त्याचं चित्रीकरण करणं वेगळं. पहिल्यात मालकी असते, दुसऱ्यात जरब. २०१५ साली सुधारलेल्या आणि २६ जानेवारी २०१६पासून लागू झालेल्या अ‍ॅट्रॉसिटी कायद्यात हा फरक नेमका पकडलेला आहे. अनुसूचित जाती-जमातीच्या व्यक्तीचे कपडे जबरदस्तीनं काढणं, तिची नग्न किंवा अर्धनग्न धिंड काढणं, मिशा भादरणं, तोंडाला काळं फासणं ही कृत्यं तिथं एकेक करून लिहिली आहेत. सार्वजनिक विहीर, नदी, तळं, नळ वापरू न देणं, वरातीत घोड्यावर बसू न देणं, सायकलवर बसू न देणं हेही आहे. ती यादी वाचली की हा कायदा दिल्लीतल्या टेबलावर कल्पनेनं लिहिलेला नाही हे कळतं. त्यातल्या प्रत्येक ओळीमागं कुठल्या ना कुठल्या गावची फिर्याद आहे.

पडद्यावर मात्र दोन-तीन दिवसांत वेगळाच प्रश्न येऊन बसला: यात जात आहे की नाही? आरोपी सवर्ण नाहीत, भटक्या-विमुक्तांतले आहेत, तेव्हा याला जातीय रंग देऊ नका, असा मुद्दा पुढं आला. ऐकायला तो वजनदार वाटतो. भडगावातही तो लगेच उचलला गेला, आणि उचलणाऱ्यांच्या चेहऱ्यावर सुटकेचा भाव होता. कायद्यात याचं उत्तर एका ओळीचं आहे. आरोपी अनुसूचित जातीचा किंवा जमातीचा नसला की कायदा लागू होतो. तो ब्राह्मण आहे, मराठा आहे, माळी आहे की जोशी-गोसाव्यांपैकी आहे हे कायदा पाहत नाही, आणि महाराष्ट्रात भटक्या-विमुक्तांचा प्रवर्ग अनुसूचित जातींहून वेगळा आहे. पण ही ओळ सांगायला पंधरा सेकंद पुरतात आणि चर्चा चालवायची असते तासभर. मग ‘जात आहे’ म्हणणारा एका चौकटीत, ‘नाही’ म्हणणारा दुसरीत, आणि मध्ये आवाज चढवणारा सूत्रसंचालक.

त्यातच राहुल गांधींनी ती चित्रफीत ट्विटरवर टाकली. पीडित अल्पवयीन असतील तर त्यांची ओळख उघड करता येत नाही, पोक्सो आणि बाल न्याय कायदा दोन्ही तेच सांगतात. म्हणून राज्याच्या बाल हक्क संरक्षण आयोगानं त्यांना नोटीस काढली. कायद्याला धरून पाहिलं तर आयोगाचं म्हणणं बरोबरच होतं. पण नोटीस निघताच चर्चेचं तोंड फिरलं. आता वाद राहुल गांधींचं चुकलं का यावर, आयोग कुणाच्या सांगण्यावरून हलला यावर. विहीर पडद्यावरून गेली. वाकडी हे नाव खालच्या पट्टीत उरलं, आणि मग तेही गेलं.

हा काळही साधा नव्हता. २० मार्च २०१८ला सर्वोच्च न्यायालयानं डॉ. सुभाष काशिनाथ महाजन प्रकरणात अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या वापरावर नवी बंधनं घातली होती: उपअधीक्षकामार्फत प्राथमिक चौकशी करता येईल, आणि अटकेआधी वरिष्ठांची मान्यता लागेल. प्रकरण मूळचं महाराष्ट्रातलंच, कराडच्या सरकारी औषधनिर्माण महाविद्यालयातलं. २ एप्रिलला भारत बंद झाला, उत्तरेत माणसं मेली. ऑगस्टमध्ये संसदेनं १८-अ हे कलम घालून ती बंधनं उठवली, ऑक्टोबर २०१९मध्ये न्यायालयानं आपले निर्देश मागं घेतले आणि फेब्रुवारी २०२०मध्ये १८-अ वैध ठरवलं. वाकडीची घटना नेमकी मार्च आणि ऑगस्टच्या मधल्या फटीत घडली. तेव्हा वाहिन्यांवर ‘कायद्याचा गैरवापर’ हा शब्दप्रयोग रोजचा झाला होता. मारहाणीची क्लिप समोर असतानाही वक्त्यांची गाडी गैरवापराच्या रुळावर जाई, ती त्यामुळं. (२० मार्च हीच महाडच्या चवदार तळ्याची तारीख आहे, १९२७ची. योगायोगच म्हणायचा, पण ज्यांना ती तारीख पाठ आहे त्यांना तो झोंबला.)

आणि मग १ जुलै उजाडला. वाकडीला तीन आठवडे झाले होते. धुळे जिल्ह्यात साक्री तालुक्यातल्या राईनपाड्यात आठवडी बाजाराच्या दिवशी पाच माणसांना मुलं पळवणारे समजून जमावानं ठेचून मारलं. नाथपंथी डवरी गोसावी समाजाचे, मंगळवेढ्याकडचे, भिक्षेकरी. ग्रामपंचायतीच्या कार्यालयात त्यांना कोंडलं आणि तिथंच मारलं. अफवा व्हॉट्सअ‍ॅपवरची आणि चित्रणही मोबाइलवरचंच. वाकडीच्या चर्चेत ‘भटके-विमुक्त’ हे दोन शब्द जात नसल्याचा पुरावा म्हणून वापरले गेले होते. राईनपाड्यात त्याच प्रवर्गातली माणसं केवळ परकी, फाटकी आणि बिनपत्त्याची दिसतात म्हणून मेली. महिन्याभराच्या आत एकाच खानदेशात हे दोन्ही घडलं. दोन्ही घटना शेजारी ठेवून, उतरंडीत वरचा-खालचा कोण हे ठिकाण बदललं की कसं बदलतं, यावर एखादी चर्चा झाली असती तर काही कळलं असतं. राईनपाड्यावर चर्चा झाल्या त्या अफवांवर आणि व्हॉट्सअ‍ॅप कंपनीवर.

‘मारणाराही मागासच, मग जात कसली?’ या युक्तिवादाचं उत्तर खानदेशाला नव्यानं शोधायची गरजच नव्हती. ते १९२९मध्येच भडगावच्या शेजारच्या तालुक्यात, चाळीसगावच्या रेल्वे स्टेशनबाहेर मिळालेलं आहे.

मुंबई सरकारनं १९२८मध्ये अस्पृश्य आणि आदिवासींच्या स्थितीची चौकशी करायला ओ. एच. बी. स्टार्ट यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली. तिच्या सभासदांत डॉ. आंबेडकर होते, डॉ. सोळंकी होते, ठक्करबाप्पाही होते. समितीनं प्रांतभर फिरायचं ठरवलं. काम वाटून घेतलं तेव्हा खानदेशचे दोन्ही जिल्हे आंबेडकर आणि आणखी एका सभासदाकडं आले. १९२९च्या ऑक्टोबरातली गोष्ट. काम उरकून मुंबईला निघालेले आंबेडकर चाळीसगावला उतरले, कारण धुळ्याच्या फाट्यावरच्या एका गावात अस्पृश्यांवर बहिष्कार टाकलेला होता आणि त्यांना तो स्वतः पाहायचा होता. धुळ्याच्या गाडीनं ते त्या गावी गेले, माहिती घेतली आणि परतीच्या गाडीनं चाळीसगावला आले. महारवाड्यातली मंडळी स्टेशनवर थांबलेली. एक रात्र आमच्याकडं काढा, असा त्यांचा आग्रह होता आणि आंबेडकरांनी तो मानला होता.

पुढचं त्यांनी स्वतःच लिहून ठेवलंय, ‘वेटिंग फॉर अ व्हिसा’ या आठवणींत. गळ्यात हार पडला. स्टेशनबाहेर टांगे उभे होते. महारवाडा दोनेक मैलांवर, नदीपलीकडं. तरी कुणी हलेना. तासभर गेला. मग एक टांगा आला, त्यात हाकणारा आणि आंबेडकर असे दोघंच बसले. बाकीचे पायवाटेनं पुढं गेले. दोनशे पावलं जातात न जातात तोच टांगा एका मोटारीवर आदळता आदळता वाचला. रोज भाडं मारणारा माणूस इतका कच्चा कसा, याचं आंबेडकरांना आश्चर्य वाटलं. नदीवर फरशी होती, तिला कठडा नव्हता. कडेला ठरावीक अंतरावर नुसते दगड रोवलेले. रस्त्यावरून फरशीवर यायला काटकोनात वळावं लागे. त्या वळणावर घोडा बिथरला, चाक पहिल्याच दगडावर आपटलं, आंबेडकर उडून फरशीवर पडले आणि घोड्यासकट टांगा खाली नदीत गेला. ते बेशुद्ध झाले. महारवाड्यातल्या बायाबापड्यांच्या रडण्याओरडण्यात त्यांना उचलून वस्तीत नेलं. पाय मोडला होता.

मग उलगडा झाला. स्टेशनवरचा एकही टांगेवाला महाराला बसवून टांगा हाकायला तयार नव्हता. ते त्यांच्या मानाला शोभत नव्हतं. आणि महारवाड्यातल्यांना आपल्या पाहुण्याला पायी नेणं मानाचं वाटत नव्हतं. शेवटी तोड निघाली: टांगा भाड्यानं मिळेल, हाकणारा मिळणार नाही. म्हणून ज्यानं कधी लगाम धरला नव्हता असा वस्तीतला एक जण पुढं बसला.

या प्रसंगातला टांगेवाला कोण होता? जमीनदार नव्हता, वतनदार नव्हता. घोड्याच्या चंदीपुरते दोन पैसे मिळवणारा, स्टेशनबाहेर गिऱ्हाइकाची वाट बघत दिवस काढणारा गरीब माणूस. समोर कोलंबिया आणि लंडनच्या पदव्या घेतलेला बॅरिस्टर, सरकारी समितीचा सभासद. पैशानं, शिक्षणानं, अधिकारानं टांगेवाला कुठंच त्याच्या आसपास नव्हता. तरी त्या दिवशी वरचा तोच होता, आणि हे दोघांनाही माहीत होतं. आंबेडकरांनी या आठवणीतून काढलेला निष्कर्ष तोच आहे. जातीच्या उतरंडीत आपल्याखाली कुणीतरी आहे एवढी शाश्वती शेवटून दुसऱ्या पायरीवरच्यालाही मिळते, आणि ती तो सहजी सोडत नाही. वाकडीच्या चर्चेत ज्यांनी आरोपींच्या मागासपणाचा दाखला दिला त्यांनी चाळीसगावचा टांगा आठवायला हवा होता. जिल्हा एकच आहे.

त्या प्रसंगातली आणखी एक गोष्ट मला मोठी वाटते. आंबेडकर त्या गावी गेले होते. बहिष्कार आहे की नाही यावर मुंबईच्या कौन्सिल हॉलात बसून वाद घालता आला असता, घातलाही गेला असता. त्याऐवजी आडफाट्याच्या गाडीत बसून माणूस तिथं गेला, त्यानं विचारपूस केली आणि परत आला. स्टार्ट समितीचा अहवाल १९३०मध्ये आला, आणि तो नुसत्या मतांवर उभा नव्हता याचं कारण या वाऱ्या. टीव्हीवरच्या चर्चेतले किती वक्ते वाकडीला जाऊन आले होते?

वादविवादाला माझा विरोध नाही, हे इथं स्पष्ट केलेलं बरं. टीव्हीवरचा एक वाद असा आहे की तो आजही लोक शोधून पाहतात. १८ फेब्रुवारी १९६५, केंब्रिज विद्यार्थ्यांची युनियन. एका बाजूला कृष्णवर्णीय अमेरिकी लेखक जेम्स बाल्डविन, दुसऱ्या बाजूला ‘नॅशनल रिव्ह्यू’चे संपादक विल्यम बक्ली. प्रस्ताव असा की अमेरिकी स्वप्न हे अमेरिकेतल्या कृष्णवर्णीयांच्या जिवावर उभं आहे. बीबीसीनं तो वाद दाखवला. मतं पडली ५४४ विरुद्ध १६४, बाल्डविन जिंकले आणि सभागृह उठून उभं राहिलं. तो वाद टिकला त्याची कारणं साधी आहेत. प्रस्ताव आधी ठरलेला होता आणि मध्येच बदलत नव्हता. बोलणाऱ्याला आपलं म्हणणं पुरं करू दिलं जात होतं, आणि शेवटी मतमोजणी होती. आणि ज्याच्या जगण्याविषयी वाद चालला होता तो माणूस स्वतः उभा राहून बोलत होता. त्याच्या वतीनं कुणी प्रवक्ता नव्हता. आपल्या चर्चांत या चारपैकी एकही अट पाळली जात नाही. वाकडीच्या एखाद्या मुलाची आई, वस्तीतलं कुणी, फिर्याद लिहून घेणारा हवालदार, यांच्यापैकी कुणाला दोन मिनिटं सलग बोलू दिल्याचं मला आठवत नाही.

तरीही केंब्रिजनं अमेरिकेतला कायदा बदलला असं कुणी म्हणू नये. तीन आठवडेही झाले नव्हते तोच, ७ मार्चला, अलाबामातल्या सेल्मा गावी एडमंड पेटस पुलावर मतदानाच्या हक्कासाठी चालत निघालेल्या माणसांना पोलिसांनी झोडपलं. ते चित्रण त्याच रात्री एबीसी वाहिनीनं चालू चित्रपट थांबवून दाखवलं. चित्रपटही कुठला, तर नाझींवरच्या खटल्याचा, ‘जजमेंट अ‍ॅट न्युरेम्बर्ग’. देश हादरला आणि ६ ऑगस्टला मतदान हक्क कायद्यावर सही झाली. तेव्हा कॅमेऱ्याचं मोल स्टुडिओपेक्षा पुलावर जास्त ठरलं.

आपल्याकडं याच्या उलट झालं. मुंबई दूरदर्शन २ ऑक्टोबर १९७२ला सुरू झालं. खासगी मराठी बातमीवाहिन्या २००७-०८च्या आसपास आल्या. २९ सप्टेंबर २००६ला भंडारा जिल्ह्यातल्या खैरलांजीत भोतमांगे कुटुंबातल्या चौघांची हत्या झाली, तेव्हा टीव्हीला ती बातमी आहे हे कळायला महिना लागला, आणि तेही विदर्भात लोक रस्त्यावर उतरले म्हणून. वाकडी चार दिवसांत पोचली, पण पोचवली ती मारणाऱ्यांच्याच बाजूच्या मोबाइलनं. कॅमेरा आता जागेवर असतो खरा. पण तो धरलेला हात कुणाचा असतो ते पाहा.

सभागृहातल्या वादाचंही तसंच. ४ ऑगस्ट १९२३ला सी. के. बोले यांचा ठराव मुंबई कायदेमंडळानं मंजूर केला. सरकारी खर्चानं बांधलेले पाणवठे, विहिरी, धर्मशाळा, शाळा, न्यायालयं, दवाखाने अस्पृश्यांना खुले. महाडच्या नगरपालिकेनं तळं कागदोपत्री खुलंही केलं. पाणी मात्र १९२७ला हातानं प्यावं लागलं, लाठ्या खाव्या लागल्या, आणि दिवाणी दावा उच्च न्यायालयात संपायला १९३७ उजाडलं. आमच्या अंमळनेरच्या शाळेत शिकवलेले साने गुरुजी १९४७च्या मेमध्ये पंढरपूरला विठ्ठलाच्या दारी उपोषणाला बसले, त्याआधी महिनोन्महिने ते महाराष्ट्रभर गावोगाव फिरले होते. ठराव आणि पाणी यांच्यातलं अंतर चालून जावं लागतं, बोलून कापता येत नाही.

म्हणजे वाद बंद करावा? तसं नाही. नागरी हक्कांवरचा खरा वाद महाराष्ट्रात दर तीन महिन्यांनी व्हावा अशी कायद्यानं सोय करून ठेवलेली आहे. आपल्याला ती माहीत नाही, एवढंच.

अ‍ॅट्रॉसिटी कायद्याच्या १९९५च्या नियमांनुसार प्रत्येक जिल्ह्यात एक दक्षता व नियंत्रण समिती असते. अध्यक्ष जिल्हाधिकारी, सदस्य-सचिव समाज कल्याणचे सहायक आयुक्त. तीन महिन्यांतून किमान एकदा बैठक घ्यायची. किती गुन्हे नोंदले, तपास उपअधीक्षक दर्जाच्या अधिकाऱ्याकडंच आहे ना, आरोपपत्र साठ दिवसांत का गेलं नाही, पीडितांना अर्थसाहाय्य मिळालं का, सरकारी वकील काय करतोय, हे सगळं तिथं नावानिशी घ्यायचं असतं. राज्याच्या समितीचे अध्यक्ष मुख्यमंत्री, तिची बैठक वर्षातून दोनदा. २०१३च्या दुरुस्तीनं उपविभागीय समित्याही आल्या, त्यांचे अध्यक्ष प्रांत. भडगावकरांसाठी म्हणजे पाचोऱ्याचे प्रांत. यात लोकप्रतिनिधी असतात, सामाजिक संस्थांची माणसं असतात. दोन बाजू, तारखा, जबाब, कागद, सगळं असतं. नसतो तो कॅमेरा. टीव्हीवर तासभर जे चालतं त्यापेक्षा या बैठकीतली दहा मिनिटं एखाद्या कुटुंबाच्या आयुष्यात जास्त फरक पाडू शकतात. पण तिचं इतिवृत्त गावातल्या शंभरांतल्या एकानंही पाहिलेलं नसतं.

कॅमेरा कुठं हवा, याचं उत्तर तर कायद्यातच लिहिलंय. २०१५च्या दुरुस्तीत १५-अ हे कलम आलं. पीडितांचे आणि साक्षीदारांचे हक्क त्यात आहेत: सुनावणीची माहिती मिळण्याचा, जामिनाच्या वेळी म्हणणं मांडण्याचा. त्याच कलमाचं दहावं उपकलम सांगतं की या कायद्याखालच्या गुन्ह्यांच्या सर्व कार्यवाहीचं चित्रीकरण व्हावं. जळगावची तडवी भिल्ल समाजातली डॉ. पायल तडवी हिनं २२ मे २०१९ला मुंबईच्या नायर रुग्णालयाच्या वसतिगृहात आयुष्य संपवलं. जातीवरून छळ केल्याचा आरोप तीन सहकारी डॉक्टरांवर ठेवला गेला. जामीन अर्ज उच्च न्यायालयात आला तेव्हा तिच्या बाजूनं या उपकलमाची आठवण करून देण्यात आली आणि सुनावणीचं चित्रीकरण झालं. ‘सर्व कार्यवाही’त जामिनाची सुनावणी येते की नाही यावर पुढं वाद झाला, आणि येते असा निर्वाळा २०२४मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या खंडपीठानं दिला. लेकीच्या नावानं आई-बापांनी न्यायालयाच्या पायऱ्या झिजवल्या, त्यातून ही वाट मोकळी झाली. खानदेशानं महाराष्ट्राला दिलेल्या गोष्टींत मी ही गोष्ट धरतो.

कॅमेरा वस्त्यांकडंही वळायला हवा. डिसेंबर २०२०मध्ये राज्य सरकारनं महारवाडा, मांगवाडा अशी वस्त्यांची जातिवाचक नावं बदलायचा निर्णय घेतला. समतानगर, भीमनगर अशा पाट्या आता दिसतात. बदल चांगलाच आहे. वस्ती मात्र आहे तिथंच आहे, गावाच्या त्याच कडेला. भिलाटीही गावाबाहेरच. घरकुलाची यादी येते तेव्हा जागा तिथंच दाखवली जाते. अमेरिकेतल्या गोऱ्या आणि काळ्या वस्त्यांवरचे माहितीपट आपण हळहळत पाहतो. आपल्या गावचा नकाशा मात्र कुणी पडद्यावर मांडत नाही. तो मांडायला परदेशी जावं लागत नाही, ग्रामपंचायतीच्या नमुना आठच्या उताऱ्यावर आळीनिहाय नावं वाचली की पुरे.

शेवटी, दक्षता समित्यांकडं परत येऊन वाचकांना एक विनंती आहे. एक अर्ज करा. साधा माहितीच्या अधिकाराचा. पत्ता: जनमाहिती अधिकारी, सहायक आयुक्त, समाज कल्याण, आपला जिल्हा. मागा: अ‍ॅट्रॉसिटी कायद्याखालील जिल्हा दक्षता व नियंत्रण समितीच्या गेल्या दोन वर्षांतल्या सर्व बैठकांच्या तारखा आणि इतिवृत्तं, पीडितांची नावं वगळून. प्रांतांच्या समितीसाठी तसाच दुसरा अर्ज प्रांत कार्यालयात. दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प लागतो आणि तीस दिवसांत उत्तर द्यावं लागतं. दोन वर्षांत आठ बैठका व्हायला हव्यात. किती झाल्या ते मोजा, आणि कमी भरल्या तर का, ते पुढच्या जिल्हा नियोजनाच्या बैठकीआधी तुमच्या आमदाराला लेखी विचारा.